जन्मभूमि पन्हाळा, कर्मभूमि बारामती

जन्मभूमि माणसाच्या निवडीची नसते. कर्मभूमि मात्र पुष्कळदां तो स्वतः निवडतो, किंवा दैव त्याच्या वतीनें निवडतें. कलावंताच्या बाबतींत ही निवड फार मोलाची ठरते, कारण ऐकणारा आणि पाहणारा असल्यावांचून त्याची कला जगत नाहीं. शेतकऱ्यास जमीन हवी, तसा कलावंतास श्रोता हवा. आणि तो जन्मगांवींच मिळेल असा नेम नाहीं. अमेरिकेंत न्यूयॉर्क शहरीं १८०७ सालीं जन्मलेल्या आयरा ऑल्ड्रिज या कृष्णवर्णी नटाची कथा या संबंधांत आठवण्याजोगी आहे. कातडीच्या रंगामुळें मायदेशीं रंगभूमीवर मानाची जागा मिळण्याची त्याला आशा नव्हती, म्हणून ऐन तारुण्यांत तो इंग्लंडला गेला. तेथें १८३३ सालीं लंडनच्या कॉव्हेंट गार्डन नाट्यगृहांत त्यानें ऑथेल्लोची भूमिका केली. परंतु वृत्तपत्रांनीं त्याच्या वर्णावरून झोड उठविली, आणि दोन प्रयोगांतच तो अध्याय संपला. पुढें १८५२ पासून तो युरोपखंडांत दौरे काढूं लागला, आणि जर्मनींत त्याला हवा होता तो प्रेक्षक भेटला. भोंवतालचे नट जर्मन बोलत, तो इंग्रजी बोले. तरी नाट्यगृह त्याच्या अभिनयानें भारून जाई. प्रशियाच्या राजानें त्याला कलेसाठीं सुवर्णपदक दिलें. १८६७ सालीं पोलंडांतील लोद्झ शहरीं, दौऱ्यावर असतांनाच, तो वारला. परक्या मुलुखानें कलावंताला आपलें म्हटलें, कीं त्याच्या कलेला केवढें बळ येतें, याचा हा एक दाखला.

असाच एक दाखला महाराष्ट्राच्या इतिहासांत आहे, आणि तो त्या जर्मन दौऱ्याच्या सुमारें शंभर वर्षें आधींचा आहे. १७५२ च्या आसपास पन्हाळ्याहून एक तेवीस-चोवीस वर्षांचा तरुण कऱ्हा नदीच्या काठच्या बारामती गांवीं राहावयास आला. मोरेश्वर रामचंद्र पराडकर हें त्याचें नांव. पुढें सारा महाराष्ट्र त्याला मोरोपंत म्हणून ओळखूं लागला, आणि तो स्वतःला कवितेंत ‘मयूर’ म्हणूं लागला. तो आला तेव्हां त्याच्यापाशीं विद्या होती, पण नांव नव्हतें. गेला तेव्हां नांव असें झालें होतें, कीं बारामती म्हटलें म्हणजे मोरोपंत, असें समीकरण लोकांच्या मनांत कायमचें बसलें.

पराडकरांचें घराणें मूळचें कोंकणांतलें. वडील रामाजीपंत पन्हाळगडीं नोकरीस होते, आणि तेथेंच १७२९ सालीं मोरोपंतांचा जन्म झाला. पन्हाळा तेव्हां केवळ एक डोंगरी किल्ला नव्हता; कोल्हापूरकर छत्रपतींच्या गादीचें तें ठिकाण होतें. मोरोपंत दोन वर्षांचे असतांना, १७३१ सालीं, वारणेचा तह झाला आणि शिवछत्रपतींच्या वंशाच्या दोन शाखांनीं आपापल्या राज्यांची हद्द वारणा नदीशीं ठरविली. गडावर केशव पाध्ये व गणेश पाध्ये या बंधूंपाशीं मोरोपंतांचें संस्कृत अध्ययन झालें. व्याकरण, अलंकार, काव्य आणि वेदान्त अशी त्या काळच्या पंडिताची पुरी शिदोरी त्यांना येथेंच मिळाली. पण शिदोरी मिळाली म्हणजे मुक्काम मिळाला असें होत नाहीं. विद्वानाला आश्रय लागे, आणि आश्रय देणारीं घराणीं त्या काळीं दिवसेंदिवस वारणेच्या उत्तरेस, पेशव्यांच्या छायेंत वाढत होतीं. रामाजीपंत बारामतीकर नाइकांच्या पदरीं गेले, आणि त्यांच्यामागोमाग मुलगाहि गेला. त्या प्रवासांत वारणा ओलांडावी लागे, आणि वारणा ओलांडणें म्हणजे एका छत्रपतींचें राज्य सोडून दुसऱ्या छत्रपतींच्या राज्यांत शिरणें. आजच्या प्रवाशाला हा एका दिवसाचाहि पल्ला वाटणार नाहीं. त्या काळच्या कुटुंबाला तें देशांतरच होतें.

ज्या बाबूजी नाइकांनीं या तरुणाला आश्रय दिला, त्यांची कथाहि मोठी बोधप्रद आहे. बाबूजी नाईक जोशी हे सावकार. त्यांचे बंधु आबाजी नाईक यांना बाळाजी विश्वनाथ पेशव्यांची कन्या भिऊबाई दिलेली होती. म्हणजे पेशव्यांशीं सोयरीक आणि पेशव्यांना कर्ज, असे दोन्ही धागे या घराण्याच्या हातीं होते. थोरले बाजीराव १७४० सालीं वारले, तेव्हां पेशवाईचीं वस्त्रें कोणास द्यावीं असा प्रश्न शाहू छत्रपतींपुढें आला. नागपूरकर रघूजी भोसले यांनीं त्या वेळीं बाबूजींचें नांव पुढें केलें. शाहूंनीं वस्त्रें बाजीरावांचे पुत्र बाळाजी यांना दिलीं, आणि बाबूजींच्या हातीं आपल्या कर्जाचा तगादा तेवढा उरला. पुण्याचा मान त्यांच्या हातून असा निसटला. बारामतींत मात्र त्यांनीं आपलें छोटेखानी दरबारी वैभव उभें केलें. कऱ्हेच्या काठीं नाइकांचा भक्कम वाडा आजहि उभा आहे. त्या वाड्यांत विद्वानांना मान होता, पुराणाला वेळ होता आणि ऐकणाऱ्यांत जाणकार होते. पुण्याच्या शनिवारवाड्यांत हें सारें याहून मोठ्या प्रमाणांत होतें, हें खरें. पण तेथें शास्त्र्यांची आणि कवींची गर्दीहि तेवढीच होती. नव्या, अनोळखी माणसाला गर्दीपेक्षां असें मध्यम घर अधिक मानवतें.

बारामती आणि तिच्या पूर्वेचा इंदापूर परगणा हा भीमा-नीरेच्या मधला मुलूख. कऱ्हा नीरेस मिळते, आणि नीरा इंदापूरच्या सरहद्दीवर नरसिंहपुराशीं भीमेस मिळते. भोसल्यांच्या जहागिरीच्या काळापासून, मालोजीराजांपासून, या भागाचें नांव मराठ्यांच्या इतिहासांत येतें. नद्या तीन असल्या तरी भूमि कोरडी. पाऊस लहरी, आणि ज्वारी-बाजरीवर गुजराण. कोंकणांतल्या घराण्यांतल्या आणि पन्हाळ्याच्या पावसांत वाढलेल्या माणसाला हा उघडा माळ आरंभीं परकाच वाटला असेल. तरी त्या माळावर मोरोपंतांनीं बेचाळीस वर्षें काढलीं. मध्यंतरी काशीयात्रा झाली, पण यात्रेहून ते परतले ते बारामतीसच. विद्वानाला काशीहून ओढून आणणारें असें या गांवांत काय होतें, याचें उत्तर त्यांच्या रोजच्या कामांत सांपडतें.

मोरोपंत नाइकांचे पुराणिक झाले. पुराणिक म्हणजे पोथीपुढें बसून संस्कृत श्लोक वाचावयाचा, त्याचा अर्थ मराठींत सांगावयाचा, आणि सांगतां सांगतां श्रोत्यांना कथेंत गुंतवून ठेवावयाचें. वाचन आणि वक्तृत्व यांच्या मधली ही कला आहे. त्यांत वेश नाहीं, पडदा नाहीं, पण पुढें बसलेल्या मंडळींचा चेहरा मात्र क्षणोक्षणीं वाचावा लागतो. डोळे मिटूं लागले, तर आपलें सांगणें लांबलें असें समजावें. मान डोलली, तर बाण लागला असें समजावें. अशा बैठकींत वर्षानुवर्षें भारत-भागवत सांगणाऱ्या माणसाला दोन गोष्टी कळून चुकतात. पहिली ही, कीं श्रोत्याला कथा हवी असते आणि ती वेळेंत हवी असते. दुसरी ही, कीं संस्कृत श्लोकाचा डौल मराठी गद्यांत आला कीं निम्मा सांडतो. हा सांडणारा निम्मा भाग ज्या पात्रांत राहील असें पात्र मोरोपंतांनीं शोधलें, आणि तें त्यांना आर्येंत सांपडलें.

आर्या हें वृत्त मराठींत मोरोपंतांच्या नांवाशीं इतकें जुळून गेलें आहे, कीं त्याची रचना थोडी पाहिल्यावांचून त्यांच्या यशाचें मर्म कळत नाहीं. वसंततिलका, शार्दूलविक्रीडित यांसारख्या वृत्तांत प्रत्येक अक्षराची जागा लघु कीं गुरु हें आधींच ठरलेलें असतें. मराठी क्रियापदें आणि प्रत्यय त्या चौकटींत बसवितांना कवीला घाम फुटतो. आर्येंत अक्षरें मोजीत नाहींत, मात्रा मोजतात. शास्त्रदृष्ट्या पाहिलें तर पंतांच्या बहुतेक आर्या ‘गीति’ या प्रकारच्या आहेत: ओळीचे दोन भाग, पहिला बारा मात्रांचा, दुसरा अठरा मात्रांचा, आणि दुसरी ओळहि तशीच. मात्रांची बेरीज जुळली म्हणजे झालें. मग आंत लांबलचक संस्कृत समास घाला, कीं स्वयंपाकघरांतला मराठी शब्द घाला. शेवटीं यमक असल्यामुळें आर्या तोंडांत राहते. आणि तिला ठराविक चाल लागत नाहीं. ती गातां येते, तशी नुसती ठांसून म्हणतांहि येते. दोन ओळींत एक प्रसंग, एक उत्तर, एक टोमणा पुरा होतो. द्रौपदीनें भर सभेंत विचारलेला प्रश्न असो, कीं कर्णानें शल्याला दिलेला टोला असो, आर्येच्या त्या छोट्या मापांत तो नेमका बसतो.

या मापानें मोरोपंतांनीं अठरा पर्वांचें भारत मराठींत आणलें. आर्याभारत, कृष्णविजय, मंत्रभागवत, हरिवंश अशी त्यांच्या ग्रंथांची माळ लांब आहे. त्यांच्या एकूण रचनेची मोजदाद साठ हजारांच्या पुढें जाते. एका माणसानें, एका गांवीं बसून, चाळीस वर्षांत केलेलें हें काम आहे. त्याच चाळीस वर्षांत बाहेर पानिपत झालें, थोरले माधवराव आले आणि गेले, १७७३ सालीं नारायणराव पेशव्यांचा खून झाला, चुलत्या-पुतण्याच्या वैरानें मराठी राज्य हादरलें. कुरुकुळांतल्या भाऊबंदकीची कथा वाड्यांत सांगितली जात असतांना तिची आवृत्ति पुण्यांत घडत होती. मोरोपंतांनीं राजकारणावर लिहिलें नाहीं. परंतु त्या काळचा श्रोता भारत ऐकतांना केवळ द्वापरयुगांतलेंच ऐकत असेल, असें मानणें कठीण आहे.

आश्रयाला किंमत असते, आणि तीहि येथें सांगितली पाहिजे. जाणकारांच्या बैठकींत वाहवा मिळवावयाची, तर कारागिरी दाखवावी लागते. मोरोपंतांनीं रामाची कथा पुनःपुन्हा, निरनिराळ्या युक्तीनें लिहिली. अशीं एकशें आठ रामायणें त्यांनीं रचलीं अशी प्रसिद्धि आहे. मंत्ररामायणांत त्रयोदशाक्षरी राममंत्राचीं अक्षरें क्रमानें गुंफलेलीं आहेत. निरोष्ठरामायणांत ओठ मिटल्यावांचून उच्चारतां येत नाहींत अशीं अक्षरें, म्हणजे प, फ, ब, भ, म, वर्ज्य केलेलीं आहेत. आतां रामाच्या नांवांतच ‘म’ आहे. तेव्हां रामाचें नांव न घेतां रामायण सांगावयाचें, असा हा पण! एकोणिसाव्या आणि विसाव्या शतकांतल्या टीकाकारांनीं या करामतीवर कोरडे ओढले, आणि त्यांत तथ्य नाहीं असें नाहीं. समासांच्या दाट झाडींत कथेची वाट कांहीं ठिकाणीं खरोखर हरवते. परंतु दोष दाखवितांना हेंहि ध्यानीं धरलें पाहिजे, कीं याच हातानें सीतागीत, सावित्रीगीत यांसारखीं घरांतल्या बायकांनीं म्हणावीं अशीं सोपीं गीतें लिहिलीं. ज्याच्यापुढें जो श्रोता असे, त्याच्यासाठीं ते लिहीत. पंडितांपुढें पंडित, आणि माजघरांत माजघरांतले.

आणि कोणीहि श्रोता पुढें नसतांना त्यांनीं जें लिहिलें, तें ‘केकावली’. केका म्हणजे मोराचा टाहो. मयूर नांवाच्या कवीनें देवापुढें फोडलेल्या टाहोंची ही माळ, सुमारें सव्वाशें श्लोकांची. येथें आर्या नाहीं, पृथ्वी वृत्त आहे. कथा नाहीं, मागणें आहे. बेचाळीस वर्षें दुसऱ्याच्या वाड्यांत, दुसऱ्याच्या अन्नावर, दुसऱ्याच्या पूर्वजांच्या कथा सांगितलेला माणूस उतारवयांत स्वतःचें दार ठोठावतो, असा या काव्याचा सूर आहे. इतर ग्रंथांत जो पंडित पदोपदीं दिसतो, तो येथें देवाशीं भांडतो, त्याला पेंचांत धरतो आणि शेवटीं शरण जातो. मोरोपंतांना केवळ शब्दांचे कारागीर म्हणणाऱ्याला केकावली हें पुरेसें उत्तर आहे.

तरी एवढ्यानें ते साऱ्या महाराष्ट्राचे झाले नसते. वाड्याच्या सदरेवर किती माणसें मावणार? हस्तलिखित पोथी किती घरांत जाणार? मोरोपंतांपाशीं नाट्य होतें, संवाद होते, टाळी घेणाऱ्या ओळी होत्या. नव्हता तो रंगमंच. तो रंगमंच घेऊन जो माणूस आला, तोहि आपल्या गांवाला आणि घराला पारखा झालेला एक कलावंतच होता.

रामजोशी सोलापूरचा. घराणें विद्वान ब्राह्मणांचें. वडील बंधु मुद्गल जोशी नांवाजलेले शास्त्री. धाकट्याला मात्र पोथीपेक्षां डफ-तुणतुण्याचा नाद. तमाशाच्या फडांत जाऊन तो लावण्या रचूं लागला, गाऊं लागला, आणि परंपरा असें सांगते कीं कुळाला कलंक लावला म्हणून बंधूंनीं त्याला घराबाहेर काढलें. मग तो पंढरपुरास गेला आणि तेथें संस्कृताचें अध्ययन करून व्युत्पन्न झाला. पण विद्या आली म्हणून कवन सुटलें नाहीं. उलट त्याच्या लावणींत संस्कृत शब्दांचा झगमगाट आला. मराठी, कानडी, तेलुगु, हिंदुस्थानी, संस्कृत अशा अनेक भाषा एकाच लावणींत खेळविण्याचें कसब त्याच्यापाशीं होतें. शास्त्र्यांना तो तमासगीर वाटे, आणि तमासगिरांत तो शास्त्री दिसे. दोन्हीकडे अर्धा परका, अशी त्याची स्थिति होती.

सोलापुराहून पुण्याकडे निघालें म्हणजे वाटेंत इंदापूर लागतें, आणि तेथून पश्चिमेस दहा-पंधरा कोसांवर बारामती. या गांवीं रामजोशी आणि वृद्ध मोरोपंत यांची गांठ पडली. त्या भेटीची हकीकत पिढ्यान्‌पिढ्या अशी सांगितली जाते: पंतांनीं त्याचें कवन ऐकलें, त्याच्या वाणीचें सामर्थ्य जाणलें, आणि ही वाणी हरिकथेला लाव असें त्याला सांगितलें. रामजोशानें डफ टाकला आणि तो कीर्तनाला उभा राहिला. कथेंतला प्रत्येक बारकावा इतिहासाच्या कसोटीस उतरेल असें नाहीं. परंतु त्या भेटीचें फळ निर्विवाद आहे: रामजोशानें कीर्तनांतून मोरोपंतांच्या आर्या गावोगांव नेल्या, आणि त्याच्यामागून कीर्तनकारांची परंपराच त्या वाटेनें चालूं लागली.

या भेटींत पंतांचा मोठेपणा कोणता, तें नीट पाहावें. ते सोंवळ्यांतले पुराणिक, आणि समोर फडावरचा शाहीर. त्याला हिडीस म्हणून झिडकारणें त्या काळच्या प्रतिष्ठेला धरून झालें असतें. सख्ख्या भावानेंहि तेंच केलें होतें. पंतांनीं त्याची कला नाकारली नाहीं, तिला दुसरी जागा दाखविली. कोणे एके काळीं आपणहि परक्या गांवीं आलों होतों आणि कोणीतरी आपल्याला बसावयास जागा दिली होती, हें ते विसरले नव्हते, असें म्हटल्यास तें अनुचित होणार नाहीं.

नारदीय कीर्तन हा एकपात्री प्रयोग आहे. कीर्तनकार उभा असतो. मागें झांज आणि मृदंग. पूर्वरंगांत अभंग घेऊन निरूपण होतें, उत्तररंगांत आख्यान रंगतें. आख्यानांत एकच माणूस राजा होतो, दूत होतो, रडणारी आई होतो. आवाज, हातवारे आणि पदन्यास यांनीं तो देवळाचा सभामंडप रणांगण करून सोडतो. अशा वेळीं त्याला दोन ओळींत प्रसंग उभा करणारें, ठेक्यांत म्हणतां येणारें, शेवटीं यमकानें टाळीची जागा देणारें पद्य लागतें. आर्या नेमकी तशी होती. कीर्तनकार गद्यांत कथा चढवीत नेई, ऐन टोकावर थांबे, आणि आर्या टाकी. कीं मृदंगावर थाप पडे. लावणीच्या लयींत मुरलेल्या रामजोशाच्या तोंडीं तर ती अक्षरशः नाचूं लागली असली पाहिजे. पुराणिकाच्या बैठकीसाठीं घडविलेलें पात्र असें रंगमंचावर गेलें. पंडिताला रंगमंच मिळाला आणि नटाला संहिता मिळाली. दोघांचा हा व्यवहार कऱ्हेच्या काठीं जुळला.

मोरोपंत १७९४ सालीं चैत्र पौर्णिमेस बारामतींतच वारले. रामजोशी त्यानंतर अठरा-एकोणीस वर्षें जगला. त्याच्या मागून थोड्याच वर्षांत, १८१८ सालीं, पेशवाई बुडाली, आणि तिच्याबरोबर आश्रय देणारे वाडे ओस पडूं लागले. या मुलुखाचीहि दशा वाईट झाली. कंपनी सरकारच्या पहिल्या जमाबंदीचा सारा इतका जड बसला, कीं इंदापूर तालुक्यांत शेतें टाकून कुळें निघून गेलीं. शेवटीं १८३६ सालीं गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांना नवी पाहणी करून हलका सारा बसवावा लागला. पुढें मुंबई इलाखाभर जी जमीनमोजणीची पद्धति चालली, तिचा आरंभ असा इंदापुरांत झाला. ज्या काळांत शेतकऱ्याला गांव सोडावें लागत होतें, त्या काळांत कवीच्या पोथ्यांना कोण विचारणार? केवळ नाइकांच्या वाड्यावर अवलंबून राहिली असती, तर मोरोपंतांची कविता त्या पडझडींत गाडली गेली असती. पण तोंवर ती कीर्तनकारांच्या जिभेवर बसली होती. राजे गेले, सरदार गेले, पण गावोगांवचा रामनवमीचा आणि गोकुळाष्टमीचा उत्सव राहिला; आणि उत्सव तेथें कीर्तन, कीर्तन तेथें आर्या.

छापखाने आले तेव्हां ही कविता लोकांच्या ओळखीची होती, म्हणूनच ती आधीं छापली गेली. माधव चंद्रोबा डुकले यांच्या ‘सर्वसंग्रह’ मासिकांतून ती १८६० नंतर प्रसिद्ध होऊं लागली. दादोबा पांडुरंग यांनीं केकावलीवर ‘यशोदापांडुरंगी’ ही टीका १८६५ सालीं लिहिली. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनीं निबंधमालेंत पंतांच्या कवितेची बाजू हिरिरीनें मांडली, आणि १९०८ सालीं ल. रा. पांगारकरांनीं त्यांचें विस्तृत चरित्र लिहिलें. इकडे रंगभूमीनेंहि आपलें ऋण फेडलें. अण्णासाहेब किर्लोस्करांनीं १८८० सालीं ‘शाकुंतल’ आणि नंतर ‘सौभद्र’ संगीत करून उभें केलें, तेव्हां साकी, दिंडी, कामदा यांसारख्या कीर्तनांत घोळलेल्या चालींचाच त्यांना आधार झाला. मराठी प्रेक्षकाचा कान कीर्तनानें तयार केला होता, आणि त्या कीर्तनाला भरीव पद्याचा पुरवठा बारामतीनें केला होता. रामजोशाचें नांवहि मागें राहिलें नाहीं. १९४७ सालीं राजकमल कलामंदिरानें ‘लोकशाहीर रामजोशी’ हा बोलपट काढला, आणि जयराम शिलेदारांच्या रूपानें सोलापूरचा तो शाहीर पुन्हा लोकांपुढें उभा राहिला.

बारामतीनें मोरोपंतांना काय दिलें, आणि मोरोपंतांनीं बारामतीला काय दिलें, याचा हिशेब मांडावयाचा तर पहिलें देणें गांवाचें आहे. गांवानें अन्न दिलें, सवड दिली आणि रोजचा श्रोता दिला. पन्हाळ्यावर ते राहिले असते तर विद्वान झालेच असते. पण संध्याकाळीं पोथी सोडून समोरच्या चेहऱ्यांकडे पाहण्याची जी शिस्त पुराणिकाला लागते, ती आर्येला जन्म देणारी शिस्त, त्यांना या वाड्यानें लावली. तिच्याबरोबर वाहवेची चटकहि लावली, आणि कांहीं रामायणें तिला बळी पडलीं, हेंहि त्याच खात्यावर लिहावें लागेल. उलट, पेशवेपद ज्यांच्या हातून निसटलें त्या सावकाराचें नांव आज इतिहासाच्या अभ्यासकाखेरीज कोणाच्या तोंडीं आलें असतें? बाबूजी नाइकांचें कर्ज पेशव्यांनीं कितपत फेडलें तें असो. मोरोपंतांनीं मात्र आपल्या आश्रयदात्याचें ऋण सव्याज फेडलें.

ऑल्ड्रिजला त्याच्या कलेच्या बळावर परक्या देशांत मान मिळाला, पण तो अखेरपर्यंत फिरतीवरच राहिला आणि फिरतीवरच गेला. मोरोपंतांनीं एका गांवीं ठाण मांडलें, आणि त्यांच्या वतीनें फिरले ते कीर्तनकार. परक्या ठिकाणीं रुजण्याच्या या दोन रीति आहेत. दोन्हींत समान आहे ती एकच गोष्ट: आलेल्या माणसाला ‘तूं कोठला?’ एवढेंच विचारून न थांबतां, ‘तुझ्यापाशीं काय आहे?’ असें विचारणारें कोणीतरी भेटावें लागतें. पन्हाळ्याहून आलेल्या तरुणाला तें बाबूजी नाइकांनीं विचारलें. सोलापुराहून आलेल्या शाहिराला मोरोपंतांनीं विचारलें. कऱ्हेला पाणी असो वा नसो, तिच्या काठचा हा प्रश्न आटूं नये.